चेहऱ्याचा दाखला

मुंबई दूरदर्शन केंद्राचे प्रक्षेपण २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले, त्या काळी ज्यांच्या घरी दूरचित्रवाणीचा संच होता अशी बिऱ्हाडे एका चाळीत एका हाताच्या बोटांवर मोजता येत, आणि सायंकाळी बातम्यांची वेळ झाली की अर्धी चाळ त्या एका बिऱ्हाडाच्या माजघरात, दारात आणि दाराबाहेरच्या गॅलरीत दाटीवाटीने उभी राहत असे. त्या लहानशा कृष्णधवल पडद्यावर मराठी बातम्या वाचणाऱ्या मोजक्या व्यक्तींमध्ये सावळ्या वर्णाची, मोठ्या डोळ्यांची, विशीही न ओलांडलेली एक मुलगी होती. बातम्यांची वेळ भरत आली की ही मुलगी अंगावरच्या जीन्सवरच घाईने साडी नेसून कॅमेऱ्यासमोर बसत असे, ही आठवण तिला ओळखणाऱ्यांनी पुष्कळदा सांगितलेली आहे, आणि लोक ती गंमत म्हणून सांगतात. मला मात्र त्या आठवणीत पुढच्या साऱ्या कारकिर्दीचे बीज दिसते. कारण जी व्यक्ती आपल्या पोशाखाविषयी इतकी निश्चिंत आणि आपल्या चेहऱ्यावरच्या सच्चेपणाविषयी इतकी जागरूक असते, तिला कॅमेऱ्याचे मर्म कोणी शिकविण्यापूर्वीच उमगलेले असते.

बातमी वाचणे हे बाह्यतः अभिनयाच्या अगदी उलट टोकाचे काम आहे. दुष्काळाची बातमी असो, अपघाताची असो वा मंत्रिमंडळाच्या शपथविधीची असो, वाचणाऱ्याने तिच्यात आपला हर्षविषाद मिसळावयाचा नसतो. परंतु त्याचा चेहरा दगडासारखा कोरडा राहिला तर ऐकणाऱ्याचे मन बातमीत लागत नाही. भावनेचा आविष्कार न करता भावनेची जाणीव जागी ठेवणे, हा तो अवघड मध्यममार्ग. ती मुलगी म्हणजे स्मिता पाटील. त्यांनी नाट्यशिक्षणाच्या कोणत्याही संस्थेत रीतसर प्रवेश घेतला नव्हता. पुढे अकरा-बारा वर्षांत त्यांनी जे काम केले ते पाहिले म्हणजे वाटते, की त्यांचे गुरुकुल म्हणजे ती बातम्यांची खोली होती.

त्यांचा जन्म १७ ऑक्टोबर १९५५ रोजी पुण्यात झाला. वडील शिवाजीराव पाटील हे खानदेशातील शिरपूरचे, स्वातंत्र्यलढ्यात आणि समाजवादी चळवळीत वाढलेले, पुढे राज्याच्या मंत्रिमंडळात गेलेले. आई विद्याताई या परिचारिका. राष्ट्र सेवा दलाचे संस्कार असलेल्या या घरात पाहुणेरावळे, कार्यकर्ते आणि गाऱ्हाणी घेऊन आलेली माणसे यांचा राबता होता. अशा घरातल्या मुलीला जमिनीवर मांडी घालून बसणाऱ्या स्त्रीचे, उन्हातून चालत आलेल्या माणसाचे, आणि कचेरीत अर्ज नामंजूर झालेल्या चेहऱ्याचे निरीक्षण मुद्दाम करावे लागत नाही.

आता अनुबोधपटाविषयी थोडे सांगितले पाहिजे, कारण त्यावाचून या अभिनेत्रीचे वेगळेपण ध्यानात येणार नाही. १९४८ साली केंद्र सरकारने फिल्म्स डिव्हिजन हे खाते स्थापन केले, आणि प्रत्येक चित्रपटगृहाला मुख्य चित्रपटाआधी या खात्याचे अनुबोधपट व वृत्तपट दाखविणे सक्तीचे होते. पुष्कळसे प्रेक्षक तेवढा वेळ बाहेर पानसुपारीत घालवीत, हे खरे. परंतु त्या सरकारी दप्तराच्या आश्रयाने, आणि त्याच्या बाहेर जाहिरातपटांच्या धंद्यातही, या देशात दिग्दर्शकांची अशी एक पिढी तयार झाली, की जिला खरे गाव, खरा उजेड आणि खरी माणसे यांची चटक लागली. अनुबोधपटात कॅमेऱ्यासमोरचा माणूस नट नसतो. तो आपले काम करीत असतो. घिसाडी पाते ठोकतो, बाई पाणी शेंदते, आणि त्या कामात गढून गेलेल्या देहाला जी आपसूक डौलदार सत्यता येते ती कोणत्याही तालमीतून येत नाही. श्याम बेनेगल हे याच शाळेतले. त्यांचा पहिला अनुबोधपट ‘घेर बेठा गंगा’ हा १९६२ मधील, गुजराती भाषेतील. त्यानंतर जाहिरातपट आणि अनुबोधपट यांची मोठी संख्या हातावेगळी करून मग १९७४ मध्ये ‘अंकुर’ हा त्यांचा पहिला कथापट आला.

स्मिता पाटील यांचे कॅमेऱ्यासमोरचे अगदी आरंभीचे काम तेही याच मुशीतले होते. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकणाऱ्या अरुण खोपकर यांनी १९७४ साली पदविकेसाठी ‘तीव्र मध्यम’ हा लघुपट केला, त्यात त्या होत्या. खोपकर पुढे अनुबोधपटकार आणि चित्रपटविषयक लेखक म्हणून नावाजले गेले. त्याच सुमारास डॉ. जब्बार पटेल यांच्या ‘सामना’त त्यांनी एक छोटी भूमिका केली, आणि बेनेगल यांनी बाल चित्रपट संस्थेसाठी हबीब तन्वीर यांच्या ‘चरणदास चोर’ या नाटकावरून जो चित्रपट केला, त्यात छत्तीसगढच्या नाचा परंपरेतल्या ग्रामीण कलावंतांच्या मेळ्यात त्या वावरल्या. पहिल्याच पावली सराईत नटांऐवजी मातीतल्या माणसांच्या शेजारी उभे राहावे लागणे, ही मला मोठी भाग्याची गोष्ट वाटते. खऱ्या माणसांच्या शेजारी खोटा आविर्भाव क्षणभरही टिकत नाही.

पण अशा चित्रपटांना पैसा देणार कोण? कलेच्या चर्चेत हा प्रश्न गौण मानण्याची आपली रीत आहे, आणि ती चुकीची आहे. धंदेवाईक चित्रपटाचे भांडवल सावकाराकडून आणि वितरकाकडून येते, आणि ते नटनटीच्या नावावर येते. ज्यांच्या चित्रपटात ना प्रसिद्ध नाव, ना नाचगाणे, त्यांनी तारण म्हणून काय ठेवावे? १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनने साठीच्या दशकाच्या अखेरीपासून अशा दिग्दर्शकांना लहान कर्जे देण्याचे धोरण पत्करले, आणि त्यातून १९६९ मध्ये मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ उभा राहिला; हे महामंडळ १९८० मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले. ‘अंकुर’ला पैसा दिला तो ब्लेझ या जाहिरातपटांचे वितरण करणाऱ्या कंपनीने. अशी कर्जे आणि अशी मदत तोकडी असे. कच्ची फिल्म परदेशातून येई व मोजूनमापून मिळे, म्हणून एका प्रसंगाचे दहा वेळा चित्रण करण्याची चैन परवडत नसे. मंडळी एखाद्या गावात जाऊन महिना-दीड महिना मुक्काम ठोकीत, आणि नटाला सकाळच्या पाळीत एक चित्रपट व दुपारच्या पाळीत दुसरा, अशी येरझार करता येत नसे. मेहनताना नाममात्र. परंतु याच निर्धनतेने नटाला एक संपत्ती दिली: त्याला त्या गावात राहावे लागले.

‘मंथन’ची गोष्ट तर या साऱ्याच्या पलीकडची आहे. बेनेगल यांनी दुग्धविकासाच्या कार्यक्रमावर अनुबोधपट केलेले होते, आणि त्यांची व गुजरातच्या सहकारी दूध चळवळीचे प्रणेते डॉ. वर्गीस कुरियन यांची अशी खात्री झाली होती, की नुसत्या माहितीने जे साधत नाही ते गोष्टीने साधेल. पैशाचा प्रश्न आला तेव्हा गुजरातच्या सहकारी दूध संघाच्या ५ लाख सभासदांनी दरडोई २ रुपये दिले. एक चित्रपट आणि ५ लाख निर्माते! १९७६ मध्ये चित्रपट पुरा झाल्यावर हे निर्माते आपला चित्रपट पाहावयास मालमोटारी भरून तालुक्याच्या गावी आले. पटकथा विजय तेंडुलकरांची, छायाचित्रण गोविंद निहलानी यांचे, आणि राजकोटजवळच्या एका खेड्यात चित्रण. तेथे शूटिंग बघावयास आलेल्या काही विद्यार्थ्यांनी ‘हिरॉईन कुठे आहे’ अशी चौकशी केली, आणि गावच्या बायकांच्या घोळक्यात उकिडवी बसलेली स्मिता त्यांना दाखविली, तेव्हा त्यांचा विश्वास बसेना, अशी हकिकत सांगतात. कोणत्याही पदकापेक्षा मला ही पावती मोठी वाटते.

या चित्रपटाचा जीर्णोद्धार होऊन तो जून २०२४ मध्ये देशातल्या अनेक शहरांत पुन्हा पडद्यावर आला, तेव्हा मी तो पुण्यात पाहिला. माझ्या शेजारच्या खुर्चीत एक वृद्ध गृहस्थ होते. मध्यंतरात सहज बोलणे निघाले तेव्हा कळले, की त्यांची उभी नोकरी नगर जिल्ह्यातल्या दूध संकलनात गेली होती. ते म्हणाले, “अहो, मी अशा शेकडो बाया रोज सकाळी रांगेत पाहिल्यात. किटली खाली ठेवताना ती दूध हिंदकळू देत नाही ना, ते बघा. ते शिकवून येत नाही.” मी पडद्यावर स्मिता पाटील यांनी साकारलेल्या बिंदूचे डोळे पाहत होतो, आणि हे गृहस्थ तिचे मनगट पाहत होते. उत्तरार्धात मी त्यांच्या नजरेने पाहू लागलो. बिंदू पदर सावरते ती शोभेसाठी नव्हे, उन्हासाठी. परक्या पुरुषाशी बोलताना ती आधी हातातले काम पुरे करते आणि मग मान वर करते. आणि चेहऱ्यावर जे उमटते ते उंबऱ्याशी येऊन थांबल्यासारखे ओठांपर्यंत येऊन थांबते. पुढे कथेत तिची अडचण हेरून तिचा अंगठा एका खोट्या कागदावर उमटवून घेतला जातो, आणि ज्या माणसाविषयी तिच्या मनात आदर आहे त्याच्यावर किटाळ येते. निरक्षर स्त्रीच्या नावाने दप्तरात काय काय लिहिले जाते, आणि तिच्या मनात त्याहून किती निराळे असते, या दोहोंतले अंतर स्मिता पाटील यांनी भाषणावाचून दाखविले. सरकारी कागद खोटा ठरला, आणि चेहऱ्याचा दाखला तेवढा खरा उरला.

‘भूमिका’ (१९७७) विषयी इतके लिहिले गेले आहे, की मी थोडक्यात आटोपतो. हंसा वाडकर यांची ‘सांगत्ये ऐका’ ही आत्मकथा ‘माणूस’ साप्ताहिकातून प्रसिद्ध झाली होती. तिचे शब्दांकन अरुण साधू यांचे होते. तिच्या आधारे बेनेगल यांनी रचलेल्या या चित्रपटात बावीस वर्षांच्या आतल्या या मुलीने एका नटीचे किशोरवय, तिची कीर्ती, तिची फरफट आणि तिचे एकाकीपण अशी सारी वये अंगावर वागविली, आणि त्याबद्दल त्यांना पहिले राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. मला त्यातली एक गोष्ट विशेष वाटते. जगून गेलेल्या, नुकत्याच वारलेल्या आणि मराठी प्रेक्षकांच्या ओळखीच्या स्त्रीची ही कथा होती. म्हणजे येथेही अभिनयाच्या खाली खऱ्या आयुष्याचा दस्तऐवज होता, आणि त्याच्याशी प्रतारणा न करण्याची जबाबदारी अभिनेत्रीवर होती. त्यांनी हंसाबाईंची नक्कल केली नाही. नक्कल हा दस्तऐवजाचा अपमान ठरला असता.

त्याच वर्षी डॉ. जब्बार पटेल यांचा ‘जैत रे जैत’ आला, गो. नी. दांडेकरांची कादंबरी, ना. धों. महानोर यांची गीते, हृदयनाथ मंगेशकरांचे संगीत, आणि ठाकर वस्तीतली चिंधी, जी नवऱ्याला सोडून आपल्या मनाने नाग्याला वरते. खानोलकरांच्या ‘कोंडुरा’वरून झालेल्या बेनेगल यांच्या चित्रपटातही त्या होत्या. मुजफ्फर अली यांच्या ‘गमन’मध्ये (१९७८) अवधच्या खेड्यात राहून मुंबईतल्या टॅक्सीवाल्या नवऱ्याची वाट पाहणारी खैरून त्यांनी केली, वाट पाहणे हीच जिची सारी कृती, अशी ती भूमिका. तिन्ही पाहण्यासारख्या आहेत.

मात्र अनुबोधपट आणि कथापट यांच्यातला बांध ज्या चित्रपटाने फोडला, आणि ज्याची मराठी वाचकांत फारच थोडी चर्चा झाली, त्या मृणाल सेन यांच्या ‘आकालेर संधाने’ (१९८०) याच्याशी थोडे थांबले पाहिजे. नावाचा अर्थ ‘दुष्काळाच्या शोधात’. १९४३ च्या बंगालच्या महादुष्काळावर चित्रपट काढावयास एक मंडळी १९८० साली एका खेड्यात येते, जुन्या पडक्या वाड्यात बिऱ्हाड थाटते, बाजारातले मासे-भाजी विकत घेऊन गावात महागाई करते, आणि हळूहळू गावाच्या ध्यानात येते, की ही माणसे आमच्या आजोबांची भूक आम्हांलाच दाखवावयास आली आहेत. या मंडळीतली जी नायिका आहे तिचे चित्रपटातले नावही स्मिता आहे. म्हणजे स्मिता पाटील येथे स्मिता पाटील म्हणून वावरतात: गप्पा मारतात, वाड्यात अंथरुणाला खिळलेल्या वृद्धाची विचारपूस करतात, आणि मग कॅमेरा लागला की दुष्काळातली उपाशी सून होतात. एका प्रसंगी मंडळी दुष्काळाची जुनी छायाचित्रे एकेक काढून ‘हे कोणत्या साली टिपलेले, ओळखा’ असा खेळ खेळते, आणि ओळखणाऱ्यांची फसगत होते, कारण हाडांच्या सापळ्यांवर सालाचा शिक्का नसतो. खेळ हसतखेळत सुरू होतो, आणि बघताबघता त्यातला खेळ संपतो.

आणि मग तो प्रसंग. गावातली दुर्गा नावाची एक गरीब स्त्री, जिच्या नवऱ्याचा एक हात गेलेला आहे आणि जी पोटासाठी या मंडळीकडे धुणीभांडी करते, ती चित्रण पाहत उभी आहे. कॅमेऱ्यासमोर स्मिता आहे: ती दुष्काळातली सून देह विकून तांदूळ घेऊन घरी आली आहे, आणि नवरा संतापाने तान्ह्या मुलाला आपटावयास निघाला आहे. हे नाटक आहे हे दुर्गेला ठाऊक आहे. तिने मंडळीला चहा दिलेला आहे, दिवे लावताना पाहिलेले आहे. तरीही ती किंकाळी फोडते. श्रीला मजुमदार यांनी फोडलेली ती किंकाळी ऐकताना प्रेक्षकाला प्रश्न पडतो, की आता खरे कोण आणि नट कोण? ज्या अभिनेत्रीला आपले महत्त्व जपावयाचे असते ती असा प्रसंग पत्करणार नाही, कारण तेथे सारे लक्ष तिच्यावरून उडून त्या किंकाळीकडे जाते. स्मिता पाटील यांनी तो पत्करला. इतकेच नव्हे, तर आपले खरे नाव त्या चित्रपटाला उसने देऊन, शहरातून आलेल्या सहृदय पण अखेर परतून जाणाऱ्या कलावंताचा दोष स्वतःच्या नावे मांडून घेतला. १९८१ च्या बर्लिन महोत्सवात या चित्रपटाला ज्यूरीचे विशेष पारितोषिक मिळाले. मला तो त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत धीट चित्रपट वाटतो, ‘भूमिका’हूनही.

जयवंत दळवी यांच्या कादंबरीवरून रवींद्र धर्मराज यांनी केलेल्या ‘चक्र’ने त्यांना दुसरे राष्ट्रीय पारितोषिक दिले, आणि लोकार्नोच्या महोत्सवात १९८१ मध्ये त्या चित्रपटाला सर्वोच्च मान मिळाला. झोपडपट्टीतल्या अम्माचे उघड्यावर स्नान हा त्यातला एक प्रसंग. ज्या स्त्रीला भिंती नाहीत तिला आडोसाही नाही, एवढाच त्याचा अर्थ. आणि चित्रपटात तो तसाच येतो, डोळे खाली घालावयास लावणारा. परंतु चित्रपट बाजारात आला तेव्हा नेमके तेच दृश्य मोठमोठ्या जाहिरातफलकांवर रंगवून नाक्यानाक्यांवर टांगण्यात आले. स्मिता पाटील यांना त्याचे फार दुःख झाले आणि त्यांनी ते बोलून दाखविले. त्यांचा विषाद रास्त होता. दस्तऐवजातले एक पान फाडून ते भलत्याच कामी वापरावे, तसा तो प्रकार होता. त्याच सुमाराची, सत्यजित राय यांनी प्रेमचंदांच्या कथेवरून दूरदर्शनसाठी केलेली ‘सद्गती’ तासाभराच्या आत संपते. तीत ओम पुरी यांच्या दुखीची बायको झुरिया त्या होतात. मोहन आगाशे यांनी केलेल्या ब्राह्मणाच्या बंद दारापुढे पावसात ती जो आक्रोश करते, त्यात शब्द थोडे आहेत, आणि दार उघडत नाही.

‘उंबरठा’ (१९८२) मराठी घराघरात पोचला. शांता निसळ यांची ‘बेघर’ ही कादंबरी, तेंडुलकरांची पटकथा, डॉ. पटेल यांचे दिग्दर्शन. सुलभा महाजन ही सुखवस्तू घरातली, समाजकार्याचे शिक्षण घेतलेली स्त्री परगावच्या महिला सुधारगृहाची अधीक्षक म्हणून रुजू होते, तेथल्या अंमलदारीतले गैरव्यवहार पाहते, चौकशीला सामोरी जाते, राजीनामा देऊन घरी परतते, आणि घरी आपली जागा उरली नाही असे उमजल्यावर पुन्हा उंबरठा ओलांडते. या भूमिकेत अडाणी खेडूत स्त्रीची वेशभूषा नव्हती, बोली नव्हती. अभिनेत्रीला आपल्याच वर्गातली, आपल्यासारखीच बाई व्हावयाचे होते, आणि ते अधिक कठीण असते. सुधारगृहाच्या कचेरीत फायली चाळणारी सुलभा पाहा: नवीन अधिकाऱ्याचा उत्साह, मग संशय, मग थकवा, हे सारे ती फाईल कशी मिटते यात आहे. त्या काळात मुंबईत स्त्रियांच्या प्रश्नांवर काम करणाऱ्या विमेन्स सेंटरशी स्मिता पाटील यांचा प्रत्यक्ष संबंध होता. चित्रपटाच्या शेवटी आगगाडीच्या डब्यात सुलभा बसली आहे, आणि तिच्या मुद्रेवर किंचित स्मित आहे. ज्या महाराष्ट्राने त्या काळी या शेवटावर घरोघरी वाद घातला, त्या महाराष्ट्राचा मला अभिमान वाटतो.

धंदेवाईक हिंदी चित्रपटांतही त्यांनी पुष्कळ काम केले; त्याविषयी काहींनी त्या वेळी नाके मुरडली. मला तो आक्षेप पटत नाही. नावाला बाजारात किंमत आली, की त्या नावावर लहान चित्रपटालाही थोडा अधिक पैसा उभा राहतो, हे ध्यानात घेतले पाहिजे; आणि त्यांनी लहान चित्रपट सोडले नाहीत. केतन मेहता यांच्या ‘भवनी भवाई’त गुजराती लोकनाट्य, कुमार शहानी यांच्या ‘तरंग’मध्ये अगदी निराळी, संथ, रेखीव शैली, अरविंदन यांच्या ‘चिदंबरम्’मध्ये मलयाळम, आणि सेनांकडे बंगाली, अशी चहू दिशांनी त्यांची वाट गेली. १९८५ साली त्यांना पद्मश्री मिळाली. १३ डिसेंबर १९८६ रोजी, प्रसूतीनंतरच्या आजारात, मुलगा दोन आठवड्यांचा असताना, वयाच्या एकतिसाव्या वर्षी त्या गेल्या. ‘मिर्च मसाला’ त्यानंतर, १९८७ मध्ये, लोकांपुढे आला. सुभेदाराने गावाकडे जिची मागणी केली आहे ती सोनबाई मिरच्यांच्या कारखान्यात आश्रय घेते. म्हातारा पहारेकरी दार लावून घेतो. आणि अखेरीस त्या कारखान्यातल्या बायाच तिखटाचा मारा करतात. शेवटच्या चौकटीत सोनबाई हातात विळा घेऊन उभी आहे, आणि चित्र तेथेच थिजते.

आता एक कळकळीची गोष्ट. दूरदर्शनवर त्या काळी बातम्या थेट वाचल्या जात, आणि वाचलेली बातमी हवेत विरून जाई. ती विशी न ओलांडलेली निवेदिका आपल्याला पुन्हा दिसणे दुरापास्त आहे. चित्रपट राहतात असे आपण समजतो, पण तेही आपोआप राहत नाहीत. फिल्म ही नाशवंत वस्तू आहे: दमट हवेने तिला बुरशी धरते, रंग उडतात, ध्वनी चिरकतो. स्वतंत्र चित्रपटांच्या प्रती मुळात थोड्या निघत, त्यांचे निर्माते पांगले, कंपन्या बरखास्त झाल्या, आणि कित्येक डबे कुणाच्या माळ्यावर गेले. ‘मंथन’ वाचला तो मूळ निगेटिव्ह पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जपलेले होते म्हणून, आणि फिल्म हेरिटेज फाउंडेशनने त्याच्या एकेका चौकटीवर मेहनत घेतली म्हणून. मे २०२४ मध्ये तो कान महोत्सवात दाखविला गेला, आणि त्याचे दिग्दर्शक बेनेगल त्याच वर्षी २३ डिसेंबरला निवर्तले.

म्हणून वाचकांना माझी विनंती आहे. आपल्यापैकी कुणाच्या घरी, गावच्या बंद पडलेल्या चित्रपटगृहात, फिल्म सोसायटीच्या जुन्या कपाटात, दूध संघाच्या वा सहकारी संस्थेच्या अडगळीत, अशा चित्रपटांचे डबे, जाहिरातपुस्तिका, छायाचित्रे किंवा चित्रणाच्या वेळचे कागदपत्र असतील, तर ते रद्दीत घालू नयेत, स्वतः उघडून उन्हात वाळवू नयेत, चिकटपट्टीने जोडू नयेत. ते आहेत तसे, कोरड्या व थंड जागी ठेवावेत, आणि पुण्याला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला एक साधे पत्र लिहावे. पोस्टकार्डही पुरेल.